वर्ध्याच्या उन्हातला सापकांदा

अनुभव लिहायला माणूस थोडा तरी जुना झालेला असावा, असं मला वाटत होतं. या अंकात दरवर्षी निवृत्त माणसं लिहितात. कुणी रेल्वेत असतं, कुणी टपाल खात्यात. मी अजून बी.एस्सी.च्या शेवटच्या वर्षाला आहे आणि माझं काम म्हणजे कॉलेज सुटल्यावर एका नर्सरीत रोपांकडे बघणं. तसं मी संपादकांना कळवलंही. उत्तर आलं, 'काम ते काम, लिहा.' म्हणून लिहिते आहे. 'चुकलं तर सांभाळून घ्या' असं पहिल्याच ओळीत लिहिलं होतं, पण आमच्या वनस्पतिशास्त्राच्या मॅडमनी ते खोडलं. म्हणाल्या, "आधी चूक तर कर."

आमचं गाव हिंगणी, बोर धरणाच्या अलीकडचं. घरातून कॉलेजात जाणारी मी पहिलीच. पहिल्या वर्षाला प्रवेश घेतला तेव्हा आईनं विचारलं होतं, "कायचं शिकणार हायेस?" मी म्हटलं, झाडांचं.  ती म्हणाली, "झाडाचं काय शिकाचं असते? आम्ही जनमभर तेच करून राह्यलो."  याचं उत्तर मला आजही नीट देता येईल असं नाही.

नर्सरी वर्ध्यात शिरताना रस्त्याला लागूनच आहे. मालक देवरावभाऊ. आवाज मोठा, मन साधं, आणि दर उन्हाळ्यात 'पुढच्या वर्षी हा धंदा बंद' असं जाहीर करायची सवय. बाहेरच्या माणसाला नर्सरी म्हणजे झाडं विकण्याचं दुकान वाटतं. आतून पाहिलं तर ते सावली सांभाळण्याचं काम आहे. विदर्भातल्या मे महिन्यात रोप जगवायचं म्हणजे त्याला कोणती सावली, किती सावली, कोणत्या वेळची सावली हे ठरवावं लागतं. सकाळचं ऊन मोगऱ्याला चालतं, दुपारचं फक्त बोगनवेलीला. बाकी सगळ्यांच्या डोक्यावर हिरवी जाळी, आणि फारच नाजूक असेल त्याच्या बाजूला जुना कूलर. आमच्याकडे माणसांइतकंच रोपांनाही कूलर लागतो.

गिऱ्हाइकं तऱ्हेतऱ्हेची येतात. एका साहेबांना पानं न गळणारं झाड हवं होतं, कारण अंगण नुकतंच फरशी घालून घेतलेलं. भाऊंनी त्यांना प्लास्टिकच्या फुलांच्या दुकानाचा पत्ता सांगितला. एक आजोबा पारिजातक परत घेऊन आले, सकाळी उठेपर्यंत फुलं खाली पडलेली असतात म्हणून. यातल्या कुणाचा मला राग येत नाही. झाड आपल्या सवयीनं वागतं, माणूस आपल्या. मधे उभं राहून दोघांची ओळख करून द्यायची, एवढंच आमचं काम.

हंसाकाकी पहिल्यांदा आल्या तेव्हा हिवाळा सरत आलेला होता. त्यांचे यजमान फौजेतून सुभेदार म्हणून निवृत्त झालेले, मूळ अल्लीपूरचे, शेतीवाडी असलेले. काकी मात्र कुमाऊंच्या. नोकरीत असताना सुभेदारांनी तिकडेच लग्न केलं आणि निवृत्तीनंतर वर्ध्यात घर बांधलं. काकी वऱ्हाडी बोलतात, पण वाक्याच्या मधेच हिंदी येऊन बसतं, आणि रागावल्या की फक्त पहाडी.

त्यांनी पिशवीतून एक जाड लोकरी मोजा काढला आणि टेबलावर ठेवला. भाऊ दचकले.

"काय वं काकी, मोजे विकता का?"

"हात नको लाव. खाज येईल." काकींनी मोजा हलकेच उलटा केला. आतून राख आणि तपकिरी रंगाचे चपटे कंद बाहेर आले. काही लिंबाएवढे, एकदोन त्याहून मोठे. "आमच्याकडे याले साँप का भुट्टा बोलते. सापाचं कणीस. सुभेदारांच्या मोज्यात ठेवून आणलं, गाडीत दबू नये म्हणून."

मी कंद हातात घेतला. वरच्या अंगाला मुळांच्या वाळलेल्या खुणा होत्या, खाली तळ गुळगुळीत. बहुतेक कंदांना मुळं खालून फुटतात, याला वरून, कोंबाच्या भोवती. मला ते पुस्तकात वाचलेलं आठवलं आणि उगाच आनंद झाला. इंग्रजीत याला कोब्रा लिली म्हणतात. सह्याद्रीत याचाच भाऊबंद सापकांदा म्हणून ओळखतात. कूळ अळूचं आणि सुरणाचं, म्हणून खाज. पेशींमध्ये सुईसारखे बारीक स्फटिक असतात.

"माझ्या मायच्या घरामागे उतार होता," काकी सांगू लागल्या. "स्वयंपाकघराच्या खिडकीतून दिसायचं. पावसात ही फुलं यायची, नागासारखी उभी. मग पानं गेली की लाल लाल कणीस. आता तिथून रस्ता रुंद करून राह्यले. उतार कापला. मी गेलती तेव्हा मशीन येऊनच उभी होती. जेवढे हाती लागले तेवढे खोदून आणले. आता तिकडे काही नाही, सिमेंटची भिंत आहे."

"आन् तुमच्या घरी नाई का लावाचे?" भाऊंनी विचारलं.

"घरी सगळीकडे फरशी. गच्चीवर तर पापड भाजते. तुमच्याकडे सावली आहे. जगवून द्या. मले लाल कणीस आलेलं पाह्यचं आहे, आणि बी पाहिजे. बी आलं तर खतम होणार नाही."

भाऊंनी माझ्याकडे पाहिलं. हिमालयातलं झाड आणि वर्ध्याचा उन्हाळा! मी नाही म्हणायला हवं होतं. पण काकी मोजा घडी करून पिशवीत ठेवत होत्या, कंद टेबलावरच होते, आणि मी म्हटलं, "प्रयत्न करते काकी. खात्री देत नाही."

"खात्री तर डॉक्टर पण देत नाही," काकी म्हणाल्या.

पहिला उन्हाळा सोपा गेला. हे झाड हिवाळाभर आणि पाऊस येईपर्यंत जमिनीखाली झोपतं. त्या काळात त्याला काही नको असतं, पाणी तर मुळीच नको. मी कंद कोरड्या रेतीत घालून पाण्याच्या मोटारीच्या खोलीत, मडक्यांच्या मागे ठेवले. तिथं त्या खोलीतल्या पालींशिवाय कुणी जात नाही.

कुंड्यांची माती मात्र मी मन लावून केली. या झाडाला जंगलातली, कुजलेल्या पानांची भुसभुशीत माती लागते. ओल राहिली पाहिजे, पण पाणी थांबता कामा नये. बोरच्या राखीव जंगलातून माती आणणं गुन्हा आहे, आणि तो नसता तरी मी आणली नसती. आमच्या गावच्या विहाराच्या अंगणात पिंपळ आहे. रविवारी वंदनेनंतर बाया अंगण झाडतात आणि पिंपळाची पानं जाळत नाहीत, मागच्या खड्ड्यात टाकतात. कित्येक वर्षांचा तो खड्डा. वरची पानं जाळीदार, खालची काळी, चहाच्या चोथ्यासारखी. आईनं आणि मी दोन पोती भरली. वाटेत आई म्हणाली, "थंड गावच्या झाडाले पिंपळाचा पाला चालते का?" मी म्हटलं, बघू. तिनं पोतं डोक्यावरून जरा सारखं केलं. "तुहं शिक्षण लय 'बघू'वर चालते वं."

पाऊस लागल्यावर कंद लावले, वीतभर खोल, कारण मुळं वर फुटणार. नर्सरीतली बाकी सगळी रोपं वर आली आणि या कुंड्या तशाच रिकाम्या. काकी दर आठवड्याला येऊन बघायच्या. मग एके दिवशी मातीतून भाल्याच्या टोकासारखं काहीतरी निघालं, वर नागाच्या कातडीसारखे डाग. काकींनी ते पाहिलं आणि खाली वाकून पहाडीत काहीतरी बोलल्या. मी विचारलं काय म्हणालात. म्हणाल्या, "उशीर झाला म्हणून रागावली त्याच्यावर."

त्या पावसाळ्यात एकाच झाडाला फूल आलं. हिरवी फणा, पुढे झुकलेली, आणि आतून एक लांब शेपटी निघून फणेच्या वर ताठ उभी. नेमकं नागपंचमीच्या सुमारास. भाऊंना लगेच कल्पना सुचली आणि त्यांनी पुठ्ठ्यावर 'हिमालयाचं नागफूल' असं लिहून लावलं. दुपारी मी कॉलेजातून आले तो कुंडीत दूध, हळद-कुंकू आणि लाह्या. मुंग्यांची रांग लागलेली.

"भाऊ, हे काय?"

"अवं लोकं हात जोडून राह्यले होते. मी काय नाई म्हनू?"

"दुधानं कंद सडते ना भाऊ."

"मंग तू सांग त्याईले. मी सांगतलं तर म्हनतीन, नास्तिक हाय."

मी पुठ्ठा काढला आणि वरची माती बदलली. भाऊ दोन दिवस रुसले.

काकींना फूल दाखवलं तेव्हा त्यांनी फक्त एवढंच विचारलं, "कणीस कधी?"

मला खरं सांगावं लागलं. हे फूल नर होतं. सापकांद्याची गोष्ट विचित्र आहे. एकच झाड एखाद्या वर्षी नर असतं, पुढच्या एखाद्या वर्षी मादी फुलं धरतं. ठरवतो तो कंद. अंगात साठवण कमी असेल तर झाड नुसते परागकण देतं, कारण ते स्वस्तात होतं. कंद भरला, ताकद आली, की मगच ते फळ धरायचं अंगावर घेतं. एखाद्या वर्षी फळ धरून थकलं तर पुढच्या वर्षी परत नर. काकींनी लक्ष देऊन ऐकलं.

"म्हणजे प्रवासानं थकलं आहे."

"हो, तसंच."

"मग खाऊ घाल त्याले." आणि जाता जाता न्यायला आलेल्या सुभेदारांना म्हणाल्या, "ऐकलं का? अंगात ताकद असल तरच मादी होते." सुभेदार गाडी चालू करत होते. म्हणाले, "मले काऊन सांगतेस? मी तर पयलेच सरेंडर हाय."

त्या नर फुलाच्या बुडाशी, फणेच्या दोन कडा जिथे मिळतात तिथे, एक बारीक फट असते. कुजक्या पानांवर वाढणाऱ्या बुरशीवर जगणाऱ्या चिलटांसारख्या माश्या वासानं आत उतरतात, गुळगुळीत भिंतीवरून वर चढता येत नाही म्हणून परागकणांत लोळतात आणि त्या फटीतून निसटतात. दुसऱ्या फुलात पुन्हा फसतात. पुढच्या खेपेला मी काकींना ती फट दाखवली. त्यांनी जन्मभर ही झाडं पाहिली होती, फट पहिल्यांदा. "इतकी वर्षं खिडकीतूनच पाह्यलं," म्हणाल्या.

हिवाळ्यात पानं पिवळी पडली आणि कुंड्या रिकाम्या झाल्या. या वेळी कंद काढायचे नाहीत असं मी ठरवलं. वारंवार हलवलं की त्यांची ताकद वाढत नाही. कुंड्या जाळीखाली, भिंतीच्या कडेला एका ओळीत ठेवल्या. भाऊंना सांगितलं, कामाला येणाऱ्या बायांना सांगितलं, पाणी घालायचं नाही. पाइपवाल्याला तर दोनदा सांगितलं.

आणि उन्हाळा लागला. एप्रिलच्या शेवटी मी एका कुंडीत बोट घातलं तर माती ओली.

इथे आमच्या भागाबद्दल एक सांगावं लागेल. उन्हाळ्यात आमच्याकडे कुणी पाणी फेकत नाही. पेल्यात उरलेलं, बाटलीत उरलेलं, हात धुतलेलं, सगळं जवळच्या कुंडीत जातं. ते वाईट मनानं नाही. दारात आलेल्याला आधी पाणी, गाईला पाणी, चिमण्यांना परळात पाणी, तसं झाडालाही पाणी. कोरडी माती आणि वर ऊन दिसलं की आमचा हात आपोआप वाकडा होतो. मी स्वतः बसस्टॉपवर उभी असताना बाटलीतला तळ कडुनिंबाच्या आळ्यात ओतते. त्यामुळे माती ओली पाहून मला आश्चर्य वाटलं नाही, भीती वाटली. उष्ण, ओल्या मातीत झोपलेला कंद कुजतो. बर्फाखाली तो महिनोन् महिने राहतो, पण गरम ओलीत टिकत नाही.

मी बायांना विचारलं. शेवंताबाई म्हणाल्या, "माह्या हातून नाई झालं वं. तू सांगतलं होतं ना." पाइपवाला शपथ घेऊ लागला. भाऊ चिडले, "मले काय काम हाय, रिकाम्या कुंडीले पानी घालाले?" मी ओळीपुढे पत्र्याचा तुकडा उभा केला. तरी माती ओलीच.

मग एका दुपारी काकी आल्या. मी आतल्या बाजूला रोपं बांधत होते. काकींनी येऊन ओळीपुढचा पत्रा अलगद बाजूला केला, पदरानं चेहरा पुसला, पिशवीतली बाटली काढली, दोन घोट घेतले आणि उरलेलं पाणी एकेका कुंडीत थोडं थोडं ओतलं. समान वाटून. शेवटच्या कुंडीत बाटली झटकली. मग पत्रा परत लावला.

मी हातातलं रोप ठेवून बाहेर येईपर्यंत बाटली रिकामी झाली होती. 

"काकी, पाणी काऊन टाकलं?"

त्या दचकल्या नाहीत. "मग? किती ऊन आहे बघ ना. तू तर कॉलेजात जातेस. कोणी पाह्यते का यांच्याकडे? मी आली की देते घोटभर."

"मी सांगितलं होतं ना, झोपलेलं आहे म्हणून."

"झोपलेल्याले तहान नाही लागत का?"

मला त्यांच्याशी भांडता येत नव्हतं. मी विचारलं, "तिकडे टाकत होत्या का तुम्ही? मायच्या घरी?"

"तिकडे?" काकी हसल्या. "तिकडे तर बर्फ असायचा. आणि बर्फ गेला तरी हात कोण लावते. ते आपलं आपण…"

त्या बोलता बोलता थांबल्या. हातातली रिकामी बाटली त्यांनी पाहिली, मग कुंड्यांची ओळ.  हळूच म्हणाल्या, "मी तर पूर्ण वर्ध्याची झाली गं."

आम्ही कुंड्या त्याच दिवशी उपड्या केल्या. पोतं अंथरलं, काकी एका बाजूला, मी एका बाजूला. पहिल्या कुंडीत कंदाच्या जागी कुजक्या बटाट्यासारखा लगदा निघाला. दुसरीतही. वास आला तशी शेवंताबाई नाकाला पदर लावून मागे सरकल्या, पण गेल्या नाहीत. काकी प्रत्येक कुंडीतली माती स्वतः बोटांनी चाळत होत्या. खाज येईल म्हटलं तर म्हणाल्या, "येऊ दे." एका कुंडीपाशी मला एकदम वाटलं की हा कंद टणक आहे. तो दगड होता.

शेवटी भाऊंनी लांबून विचारलं, "सगळे गेले का?"

मी ओळ मोजली. एक कुंडी कमी होती. सगळ्यात मोठा कंद ज्यात होता ती. ती भिंतीच्या टोकाला, शेवटच्या कुंड्यांच्या मागे आडवी पडलेली सापडली. नर्सरीतला कुत्रा दुपारी तिथं भिंतीच्या सावलीत लोळतो, त्यानंच कधीतरी पाडली असेल. आडवी असल्यामुळे तिच्यात कुणाचंही पाणी गेलं नव्हतं, आणि काकींच्या नजरेला ती पडली नव्हती. माती पावडरीसारखी कोरडी. मी आत बोट घातलं. कंद टणक होता आणि गार. मी काकींचा हात धरून त्यांचं बोट तिथं टेकवलं.

त्या बोट काढायलाच तयार नव्हत्या.

"ही आता आडवीच राहू दे," मी म्हटलं.

"राहू दे. आणि मले इथं बाटली घेऊन येऊ नको देत जाजो."

पुढे मला कळलं की थंड देशातले लोकसुद्धा काही कंदांच्या कुंड्या झोपेच्या काळात आडव्या करून ठेवतात, पावसाचं पाणी शिरू नये म्हणून. आम्हाला ते कुत्र्यानं शिकवलं.

पाऊस आला. त्या एका कुंडीतला कोंब मनगटाएवढा जाड निघाला. झाड माझ्या कमरेपर्यंत गेलं, आणि फणा उघडली तेव्हा मी वाकून आत पाहिलं. दांड्याच्या वरच्या भागात नर फुलं होती आणि खाली हिरव्या मण्यांसारखी मादी फुलं. ताकद आलेली. पण मला आनंदापेक्षा काळजीच जास्त झाली. या झाडात मादी फुलं आधी तयार होतात, त्याच झाडाचे परागकण मागून. परागकण पिकेपर्यंत मादी फुलांची वेळ टळून गेलेली असते. परागकण दुसऱ्या झाडाचे हवेत, आणि दुसरी झाडं आम्ही पोत्यावर ओतून फेकून दिली होती.

काकींना सांगितलं. त्या म्हणाल्या, "पुढच्या वर्षी?"

"पुढच्या वर्षी पण ते एकटंच राहील काकी."

 काकी कुंडीच्या कडेवरचं गवत उपटत बसल्या.

त्याच आठवड्यात आमच्या वर्गाची सहल सातपुड्यात गेली. पावसाळी वनस्पती बघायला, दरवर्षी जाते तशी. घाटात ओढ्याच्या कडेला मॅडम नेचे दाखवत होत्या. मी जरा मागे राहिले, कारण माझी चप्पल चिखलात रुतली होती. चप्पल काढायला वाकले तर समोर डाग असलेला दांडा. वर फणा. फणेतून ताठ उभी शेपटी.

मी ओरडलेच. सगळ्यांना वाटलं साप. दोन मुलं काठ्या घेऊन आली.

मॅडमनी पानं मोजली, फणा पाहिली, शेपटी कुठून वळते ते पाहिलं. म्हणाल्या, "हिमालयातलीच जात इकडच्या डोंगरांतही आहे, अशी नोंद वाचली आहे. दिसायला तर तीच. पण खात्रीनं सांगायचं तर नीट तपासावं लागेल." मॅडम कधीच घाईनं बोलत नाहीत. मला त्यांचं हे फार आवडतं.

"मॅडम, खोदणार नाही. फक्त परागकण घेऊ?"

त्यांनी कारण विचारलं. मी सांगितलं. मुलं काठ्या टेकून ऐकत उभी राहिली.

ते झाड लहान होतं, नर. मी वहीचं कोरं पान घडी करून फटीखाली धरलं आणि फणेवर टिचकी मारली. माश्या जिथून निसटतात त्याच फटीतून पिवळट पूड कागदावर सांडली, नखावर मावेल एवढी. पुडी करून मी ती कंपासपेटीत ठेवली. परतीच्या बसमध्ये सगळे गाणी म्हणत होते आणि मी कंपासपेटी मांडीवर घट्ट धरून बसले होते. घरी पोचताच काकींना फोन केला.

"काकी, सकाळी नर्सरीत या. आणि पाणी आणू नका."

सकाळी पाऊस भुरभुरत होता. काकी आल्या, सुभेदार आले. सुभेदारांनी छत्री धरली. मी फणेची कड हलकेच बाजूला केली आणि चित्रकलेच्या बारीक ब्रशनं ती पूड खालच्या मण्यांवर लावली. अर्ध्यात ब्रश काकींच्या हातात दिला. त्यांचा एकही मणी चुकला नाही.

"हे कुठलं आहे?" त्यांनी विचारलं.

"सातपुड्यातलं. आपल्या इकडचं."

"म्हणजे आई पहाडची, बाप विदर्भाचा." त्यांनी सुभेदारांकडे वळून पाहिलं. "आपल्या पोरांसारखं."

सुभेदार म्हणाले, "मंग जिद्दी निघन. छत्री धरून हात दुखला, लवकर आटप."

मला तेव्हाही खात्री नव्हती. परागकण प्रवासात मेले असतील, उशीर झाला असेल, मी चुकीच्या जागी लावले असतील. पण काही दिवसांनी फणा वाळली आणि मणी फुगू लागले. पानं पिवळी पडून गळाली तेव्हा दांड्यावर कणीस एकटंच उभं होतं, हिरवं. मग वरून खाली लाल होत गेलं. काकी रोज यायच्या. स्टुलावर बसायच्या, बघायच्या, जायच्या. एकदा नुसतं म्हणाल्या, "खिडकीतून इतकं लाल नव्हतं दिसत."

कणीस पूर्ण पिकल्यावर आम्ही दाणे काढले, हातमोजे घालून गर धुतला, आणि बी वाळवलं. मी त्यांना सांगितलं की हे बी कुठल्याही जंगलात नेऊन टाकायचं नाही, ना तिकडच्या, ना इकडच्या, कारण दोन्हीकडच्या झाडांचं ते मिश्रण आहे. ते कुंडीतच वाढवायचं. त्यांना ते पटलं की नाही ठाऊक नाही, पण ऐकलं. पिंपळाच्या मातीच्या पसरट कुंड्यांत बी पेरलं.

या पावसाळ्यात ते उगवलं. माझी परीक्षा सुरू होती. भाऊंचा फोन आला, "करुणा, तुह्या त्या बुढीच्या कुंडीत काहीतरी निंघून राह्यलं, लवकर ये." पेपर संपवून पोचले तो काकी आधीच येऊन खाली बसल्या होत्या, चष्मा कुंडीला टेकेल इतक्या जवळ. प्रत्येक रोपाला एकेकच पान, बोटाच्या पेराएवढं, त्यावर अजून डागसुद्धा नव्हते.

मला वाटलं, त्यांना आधीच सांगितलेलं बरं. यातलं एखादं पहिलं फूल धरायला कितीतरी वर्षं लागतात. तेही आधी नर. मग कंद भरेल, मग कधीतरी कणीस. मधे दर वर्षी झोप, दर वर्षी आडवी कुंडी. मी हे सगळं अडखळत सांगितलं, कारण त्यांचं वय मला ठाऊक होतं आणि त्यांना हे ऐकायला कसं वाटेल ते कळत नव्हतं.

काकींनी चष्मा पुसला. एका पानावर बसलेला मातीचा कण फुंकर घालून उडवला.

"लागू दे ना," त्या म्हणाल्या. "मी कुठं चालली?"